म्हाताऱ्याची कवळी

३ मार्च, मंगळवार

प्रिय धाकट्या,

अक्षर ओळखलं असशील. पाकीट न फोडताच कोपऱ्यात टाकावं असंही मनात आलं असेल. टाकू नकोस. हे पत्र भावाचं नाही, पेशंटचं आहे असं समज. पेशंटला तू दारातून परत पाठवत नाहीस, एवढं मला ठाऊक आहे.

अकरा वर्षं झाली. आम्ही दोघं खुशाल आहोत. तुझी वहिनी अजून माझ्यावर डाफरते, म्हणजे तिची तब्येत ठणठणीत आहे. माझंही उत्तम चाललं आहे. स्टुडिओच्या मागच्याच दोन खोल्या आम्हाला दिल्या आहेत, महिन्याचा पगार आहे, रस्त्यात लोक ओळखतात. सगळे मला 'म्हातारा' म्हणतात. सेहेचाळीस अजून पुरी व्हायची आहेत, पण नाव पडलं ते पडलं.

आता कामाचं. मला एक कवळी हवी आहे. वरची आणि खालची, पूर्ण. २८ तारखेच्या आत.

बोलपट आले आहेत हे तुलाही माहीत असेल. आमच्याकडे ज्या गोदामात जुने पडदे ठेवायचे, त्याच्या चारी भिंतींना जाड रजया ठोकल्या आहेत. पंखे बंद, खिडक्या बंद. मधोमध दोरीला एक डबा टांगला आहे. तो डबा ऐकतो. एकेकानं त्याच्यापुढे जाऊन बोलायचं, आणि काचेमागे बसलेला आवाजवाला सांगणार, कोण राहणार आणि कोण घरी जाणार. २८ला माझी पाळी आहे.

आवाजाची मला कधी काळजी नव्हती. नाटक कंपनीत असताना तू शेवटच्या रांगेत बसायचास आणि माझं वाक्य ऐकू आलं की हात वर करायचास. तुझा हात कधी खाली राहिला नाही. पण इथल्या डॉक्टरनं करून दिलेली कवळी शिट्टी वाजवते. 'स' म्हटलं की एक शिट्टी, 'श' म्हटलं की दोन. परवा मी 'सासूबाई' म्हणालो तर बाहेरचं कुत्रं आत आलं.

तुझ्या हातच्या कवळीनं लोक ऊस खातात असं ऐकतो. मला ऊस नको. मला फक्त बोलायचं आहे.

बाबांच्या वेळी मी उशिरा आलो आणि घाईनं निघालो, त्याचा तुला राग आला. तो बरोबरच होता. त्यावर आता काय बोलायचं! कवळीचं तेवढं कळव.

तुझा,
दादा


९ मार्च, सोमवार

प्रिय धाकट्या,

उत्तर नाही. मी दारात उभा दिसलो की टपालवाला आता लांबूनच हात हलवतो, जवळ येऊन सांगायचे कष्ट नकोत म्हणून.

उत्तम चाललं आहे असं लिहिलं ते खोटं होतं. तुझी वहिनी म्हणाली, "भावाकडे मदत मागता आणि त्यालाच थापा मारता? मग तो कशाला येईल?" म्हणून आता खरं लिहितो.

परीक्षा एकदा होऊन गेली आहे. फेब्रुवारीत. मी नापास झालो. मला वाक्य दिलं होतं, "सुनेच्या संसारासाठी सासऱ्यानं सगळं सोसलं." ते लिहिणारा लेखक माझा मागच्या जन्मीचा वैरी असणार. मी ते म्हटलं. आवाजवाल्यानं कानावरचं यंत्र ओरबाडून काढलं. नवा दिग्दर्शक वाईट माणूस नाही, त्यानं तोंडावर रुमाल धरला, पण त्याचे खांदे हलताना मला दिसत होते. मग म्हणाला, "आजोबा, तुम्ही मूकपटातच बरे होतात." तो चाळिशीचा आहे.

मी सगळ्यांदेखत त्याच्यापुढे हात जोडले. अभिनय म्हणून नव्हे. तेव्हा ही २८ तारीख मिळाली. तिसरी मिळणार नाही. जमलं नाही तर महिनाअखेर नोकरी संपली आणि खोल्याही सोडायच्या. नाटकात परत जावं म्हटलं तर तिथेही तोंडात दात लागतात.

दात कसे गेले हे तू विचारणार नाहीस, कारण तुला अंदाज असणार. गेले नाहीत, मी काढून घेतले. एकतीसच्या एकतीस. बत्तिसावी अक्कलदाढ मला आलीच नव्हती, आणि त्यावरून तुझी वहिनी मला अजून ऐकवते.

बाबा गेले त्यानंतर चारच महिन्यांनी. तेव्हाचे आमचे दिग्दर्शक, त्यांना आम्ही मास्तर म्हणायचो, मला म्हणाले, "दाढी चिकटवून म्हातारा होतो तो नाटकात, शेवटच्या रांगेसाठी. कॅमेरा इथे असतो." आणि माझ्या नाकापुढे वीतभर अंतरावर हात धरला. "गाल आत गेले पाहिजेत. हनुवटी नाकाला भेटली पाहिजे. ते तुम्हाला जमणार नाही." जमणार नाही म्हटलं की माझं काय होतं ते तुला माहीत आहे. मी दुसऱ्याच दिवशी गाडीत बसून परगावच्या डॉक्टरकडे गेलो. तुझ्याकडे आलो असतो तर तू मला खुर्चीतून उठवलं असतंस. त्यानं विचारलं, "दुखतो कुठला?" म्हटलं, "एकही नाही. सगळे काढा." दोन बैठकांत काढले. घरी आलो तेव्हा तुझ्या वहिनीनं मला दार उघडलं आणि ती महिनाभर माझ्याशी बोलली नाही.

मला वाटलं होतं, दातांची मला गरजच काय? मूकपटात कोण ऐकतंय? कॅमेऱ्यापुढे आम्ही वाटेल ते बोलायचो, खरे शब्द नंतर पडद्यावर पाटी लावून दाखवायचे. मुलगी घर सोडून जाते त्या दृश्यात मी धोब्याकडे दिलेल्या कपड्यांची यादी म्हटली होती आणि थिएटरात लोक हुंदके देत होते. अकरा वर्षांत त्रेपन्न मूकपट केले. बाप, आजोबा, न्यायाधीश, आंधळा भिकारी. आवाज एकाही ठिकाणी लागला नाही. तो मी जुन्या कोटासारखा खुंटीला लावून ठेवला आणि वाटलं, आहेच की, लागला की घालू.

धाकट्या, मला कवळी करून दे. भीक मागतो म्हण हवं तर. भिकाऱ्याची कामंही मी केली आहेत, आणि चांगली केली आहेत.

दादा


१६ मार्च, सोमवार

प्रिय धाकट्या,

तुझं कार्ड आलं तेव्हा मी ते तीनदा वाचलं, तरी पुरं व्हायला वेळ लागला नाही. "माप घेतल्याशिवाय कवळी होत नाही. रविवारी सकाळी दवाखान्यात ये. घरी येऊ नये." शेवटच्या वाक्यातलं 'येऊ नये' तू कसा म्हणाला असतास ते मला ऐकू आलं.

काल मी तुझ्यासमोर दोन तास बसलो. तुझे केस पांढरे झाले आहेत आणि ते तुला शोभतात. माझ्या मिश्यांना पांढरं करायला रोज अर्धा तास लागतो. तुझे हात मात्र अजून तसेच आहेत. तू चार शब्द बोललास: "बस. तोंड उघड. चाव." बाकी सगळं तू तुझ्या चिमट्यांशी बोललास. मी दोन विनोद केले. तू बेसिनमध्ये हात धूत होतास.

मग तू माझ्या तोंडात प्लास्टर भरलंस, आणि ते घट्ट व्हायच्या आत तुला बोलायचं सुचलं! खिडकीकडे बघत म्हणालास, "तुझा तो चित्रपट मी पाहिला होता. अख्खं थिएटर रडत होतं. मी उठून बाहेर आलो." मी काहीतरी म्हणायला गेलो तर म्हणालास, "बोलू नकोस, प्लास्टर हलेल." आणि मग, "त्या दिवशी तू काय केलंस, ते तुला अजून कळलेलं नाही."

प्लास्टर निघालं तेव्हा बाकावर पुढचा पेशंट येऊन बसला होता. तू त्याला आत बोलावलंस. मी गाडीत बसलो आणि घरापर्यंत एकटाच ओठ हलवत आलो. आता उत्तर लिहितो.

मला कळलं आहे, धाकट्या. उशिरा आलो, लवकर गेलो, असं जे मी पहिल्या पत्रात लिहिलं ते मी सगळ्यांनाच सांगत आलो आहे. तुझ्या वहिनीलासुद्धा. तसं नव्हतं.

बाबांचा तो शेवटचा दिवस. दुपारी तू औषध आणायला निघालास आणि मला म्हणालास, "मी येईपर्यंत त्यांच्याजवळ बस." मी बसलो. खरंच बसलो, जागचा हललो नाही. त्यांचे डोळे अर्धवट उघडे होते आणि तोंड चाललं होतं. दात नसलेलं तोंड इतक्या जवळून मी त्याआधी पाहिलं नव्हतं. आधी ओठ मिटायचे, मग सुटायचे आणि जबडा खाली यायचा. मग जीभ वर टाळूला जाऊन लागायची आणि ओठ दोन्ही बाजूंना ताणले जायचे. थोडं थांबायचं आणि पुन्हा तेच. मी बारा वर्षं रंगमंचावर म्हातारे केले होते, खोकून आणि काठी आपटून. आणि इथे खरं काय असतं ते माझ्यासमोर होतं. पलंगाशेजारी त्यांचा दाढीचा आरसा टांगलेला होता. मी त्यात बघून करू लागलो. त्यांचं बघायचं, मग माझं बघायचं. पाऊण तासात त्यांनी ते चाळीस वेळा तरी केलं असेल. शेवटी शेवटी मला तंतोतंत जमलं. तुला खरं सांगायचं तर त्या क्षणी मला आनंद झाला होता.

तेवढ्यात तू दारात आलास. आरशात मला तू दिसलास. "ऊठ. बाहेर जा," एवढंच म्हणालास.

मी त्यांची टिंगल करत नव्हतो. तुला तसं वाटलं असेल तर ते डोक्यातून काढ. मी त्यांना जपून ठेवत होतो असं मी स्वतःला सांगितलं. मास्तर जमणार नाही म्हणाले तेव्हा माझ्याकडे ते तोंड तयार होतं, फक्त दात मध्ये येत होते. पहिल्या चित्रपटात मरणाच्या दृश्यावर पाटी होती, "बाळांनो, एकमेकांना धरून राहा." लोक ती पाटी वाचायचे, माझे ओठ बघायचे आणि रडायचे. पुढे आठ चित्रपटांत मी तसाच मेलो. दर वेळी पाटी वेगळी, ओठ तेच. लोकांना ते मरण इतकं आवडलं की मधल्या एका चित्रपटात म्हातारा जगला तर थिएटरवाल्यांनी तक्रार केली.

हे केलं मी. बापाचं मरण चोरलं. चोरी कबूल करतो. तू म्हणशील ती शिक्षा दे, पण कवळी दे.

दादा


२४ मार्च, मंगळवार

प्रिय धाकट्या,

पार्सल आलं. आत चिठ्ठी शोधली. कापूस उलगडून पाहिला, खोक्याच्या तळाचा कागदही काढला. नव्हती. असो.

कवळी घातली आणि मी म्हणालो, "सुनेच्या संसारासाठी सासऱ्यानं सगळं सोसलं." तुझी वहिनी हातातलं काम टाकून बाहेर आली. मी पुन्हा म्हणालो. शिट्टी नाही, थुंकी नाही, काही नाही! मग तिनं मला घरभर फिरवून वस्तू ओळखायला लावल्या. साबण, शिसपेन्सिल, सांडशी, स्टोव्ह. मी शेवटच्या रांगेसाठी म्हणतात तसं म्हणालो. शेजारच्या बाईंनी भिंतीवर थाप मारली. अकरा वर्षांनी कुणीतरी मला गप्प बस म्हटलं, धाकट्या! मी खुर्चीत बसून रडलो. लाज नाही वाटली.

मग तुझी वहिनी माझ्याकडे टक लावून बघत राहिली आणि म्हणाली, "अहो, तुम्ही तर बँकेत खाती लिहिणाऱ्या कारकुनासारखे दिसता."

मी आरशात पाहिलं. गाल भरले आहेत, हनुवटी जागेवर गेली आहे. एक बरा दिसणारा सेहेचाळिशीचा गृहस्थ. मला तो ओळखू येईना. कवळी काढली, म्हातारा आला. घातली, कारकून आला. असं मी किती वेळ केलं कोण जाणे, शेवटी तिनं आरसा उचलून नेला.

शनिवारी परीक्षा आहे. आवाज आहे, एवढंच मी स्वतःला घोकून सांगतो. त्यांना आवाजच हवा आहे ना? चेहऱ्याचं रंगवून घेता येईल. येईल ना?

दादा


२८ मार्च, शनिवार

धाकट्या,

आत्ताच परत आलो. तुझी वहिनी दोनदा विचारून गेली काय झालं म्हणून. तिला सांगितलं, काम मिळालं. ते खरं आहे. बाकीचं तिला सांगितलेलं नाही, तुलाच लिहितो आहे.

आधी मी कवळी घालून बोललो. आवाजवाल्यानं काचेमागून अंगठा वर केला. तुझं काम चोख आहे, हे आधी सांगतो, कारण पुढचं लिहिताना राहून जाईल. दिग्दर्शक मात्र माझ्याकडे बघतच राहिला. म्हणाला, "आवाज झकास आहे हो. पण हा माणूस कोण? आम्हाला म्हातारा हवा. असे चेहरे माझ्याकडे डझनभर आहेत." मी सुरकुत्या रंगवून घेतो म्हणालो. तो म्हणाला, रंग कॅमेऱ्यात कळतो. मी कवळी काढली. "हां, हा चेहरा!" म्हणाला. पण त्या चेहऱ्यानं मी वाक्य म्हटलं तर आवाजवाला मान हलवू लागला.

मी तिथेच उभा होतो, कवळी हातात. पुन्हा हात जोडायला गेलो तर तीच मध्ये आली. तेव्हा दिग्दर्शकाला दया आली असावी. म्हणाला, "एक काम आहे. बाप मरतो. संवाद नाहीत. तुमचं ते गाजलेलं मरण करा. फक्त आता ते ऐकू आलं पाहिजे. मुकं मरण चालायचं नाही. घशातून थोडा आवाज सोडा, काहीही."

तुला कबुली दिल्यावर बाराच दिवस झाले होते. मी हो म्हणालो. क्षणभरसुद्धा थांबलो नाही. दोन खोल्या माझ्या डोळ्यांपुढे होत्या.

मला खाटेवर निजवलं. डबा खाली घेऊन तोंडाजवळ आणला. आणि मी बाबांचं तोंड केलं. अकरा वर्षं करत आलो ते. नेहमी मी त्यात श्वाससुद्धा घेत नसे, नुसते ओठ, म्हणजे हालचाल चुकत नाही. आज पहिल्यांदा त्यातून आवाज सोडला. ओठ मिटले, सुटले, जबडा खाली आला. जीभ टाळूला लागली, ओठ ताणले गेले.

काचेमागून आवाजवाला म्हणाला, "पाणी म्हणतायत. एकदम स्वच्छ येतंय."

त्या शब्दाला दात लागत नाहीत, धाकट्या.

दिग्दर्शक खूश झाला. "वा! पाणी मागतो. छान सुचलं तुम्हाला. पुन्हा एकदा घेऊ."

मी पुन्हा केलं. तिसऱ्यांदाही केलं. त्यांनी सांगितलं म्हणून केलं, आणि थांबायचं कसं ते मला कळेना म्हणूनही केलं. दर वेळी मला तेच ऐकू आलं. बाबांच्या आवाजात नाही, तो मला आठवत नाही. माझ्याच आवाजात. उठलो तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

चाळीस वेळा, असं मी तुला लिहिलं होतं ना? मोठ्या ऐटीत लिहिलं होतं. चाळीस वेळा त्यांनी ते केलं आणि मी समोर बसून शिकत होतो. त्या खोलीत आवाज होता की नाही, हे आता आठवायचा प्रयत्न करतो आहे. असणार. तू दारात येताच तुला ऐकू आलं, मग मला आलंच पाहिजे. पण मला फक्त ओठ आठवतात. ते इतके स्पष्ट आठवतात की मी आत्ताही करून दाखवीन. पाणी कुठे ठेवलं होतं, किती लांब होतं, काही म्हणजे काही आठवत नाही.

आणि तुला हे अकरा वर्षं माहीत होतं. मला वाटत होतं तू आरशाबद्दल रागावला आहेस. काल-परवापर्यंत मी चोरीची माफी मागत होतो. चोरीचं काय एवढं! तू मला सांगितलं नाहीस. सांगितलं असतंस तर मी काय केलं असतं, ते तुलाही ठाऊक होतं म्हणून सांगितलं नसशील. मी ते पाटीवर घालायला लावलं असतं.

सोमवारी सकाळी ते दृश्य घेणार आहेत. हे पत्र तुला पोचून तुझं उत्तर यायला चार दिवस तरी लागतील, म्हणजे सोमवार तर गेलाच. तरी विचारतो. मला माफ कर असं म्हणत नाही. घरी येऊ का असंही विचारत नाही. तू मला बाहेर काढलंस आणि दार लावून घेतलंस. त्यानंतर बाबा अर्धा तास होते, असं तू नंतर लोकांना सांगत होतास. तेव्हा तुझ्याच हातून का होईना, त्यांना पाणी मिळालं ना? गिळता येत होतं ना त्यांना तोपर्यंत?

एका ओळीत कळव. कार्डावर लिहिलंस तरी चालेल.

दादा